माडांकडची खिडकी

देव्हाऱ्यात कुंकू होतं, फुलं होती. देवीचा चांदीचा मुखवटा तेवढा नव्हता.

प्रल्हादने पाट हलवला, घोंगडी झटकली, तांदळाचं मडकं पालथं केलं. मडक्यातून लाकडाचा भुसा पडला. खोपटच खोटं, तर तांदूळ कुठले खरे?

एकोणीसशे अठ्ठावन्न सालची गोष्ट. डहाणूजवळ आगरच्या किनाऱ्यावर सिनेमाचं शूटिंग चाललं होतं आणि प्रल्हाद त्या सिनेमाचे सेट सजवणारा. हात असा, की चहाचं पाणी आणि काजळी फासून तो नव्या भिंतीला आजेसासूच्या वयाची करी. आगरचे लोक तर शपथेवर सांगत, की मोरू नाखव्याच्या मांजराने खोपटातल्या मासळीवर झडप घातली आणि दात पाडून घेतले, कारण मासळी मातीची. घाबरून माडांकडच्या खिडकीतून पळायला गेलं, ते नाकही फोडून घेतलं.

असं सगळं खोटं करणाऱ्या माणसाने एकच गोष्ट खरी मागितली. कॅमेरा देवीच्या अगदी जवळ जाणार होता. सुकी मासळी विकणाऱ्या पुतळीने घरच्या देवीचा तळहाताएवढा मुखवटा दिला, तोही नवऱ्याला न विचारता. देवी जशीच्या तशी परत आणून देईन, असा प्रल्हादने शब्द दिला होता. तिचा नवरा भिकू दर्यावरून आला की आधी देवीपुढे दिवा लावी, मग पाणी पिई.

आता क्षितिजावर शिडं दिसू लागली होती.

पुतळी वाळूत बसून होती. रडतही नव्हती. "धनी मला उंबऱ्याच्या आत घेणार नाही, भाऊ," एवढंच म्हणाली.

त्यात डहाणूहून आलेला दशरथ हवालदार तिलाच ठाण्यात न्यायला निघाला. कारण साक्ष मोठ्या माणसाची. कंपनीचा मॅनेजर चिमणशेट, कॅमेऱ्याशेजारी कायम छत्रीखाली बसणारा. रणरणत्या उन्हात मिटलेली छत्री काखेत धरून, घाम पुसत त्याने सांगितलं, की जेवणाच्या सुटीत बाईने मुखवटा पदरात टाकला, आपण डोळ्यांनी बघितलं.

बाई प्रल्हादच्या भरवशावर बुडत होती. वल्ही पाण्यात पडल्याचा आवाज जवळ येत होता. त्याने चिमणशेटला विचारलं,

"शेट, तुम्ही कुठे उभे होता?"

"मागे. माडाखाली."

"आणि दिसलं कुठून?"

"खिडकीतून. माडांकडच्या."

"उघडी होती?"

"सताड उघडी ना."

प्रल्हाद हवालदाराला खोपटामागे घेऊन गेला. मागे बांबू आणि त्यांवर ताणलेलं गोणपाट. हवालदाराने हात फिरवला, मग दंडुका. कुठे भोकसुद्धा नव्हतं.

"ती खिडकी मी रंगवलीय, साहेब," प्रल्हाद म्हणाला. "माड, आभाळ, सगळं कुंचल्याचं. शेट बसतात तिथून खरी वाटावी अशीच केली. मागे ते कधी फिरकलेच नाहीत. मग पुतळीबाईंना बघितलं कुठून? सुटीत सगळे जेवायला गेले तेव्हा तेच पुढून आत शिरले. जुनी चांदी बघून हात गेला, आणि आळ घालायला ही गरीब बाई बरी सापडली."

"मग मुखवटा कुठाय?"

"एरवी उन्हाचा कवडसा अंगावर न घेणारा माणूस आज घामाने निथळतोय. छत्री उघडायला सांगा."

चिमणशेटने काख आवळली. हवालदाराने छत्री हिसकून उघडली. देवी वाळूत घरंगळली, तोंड आभाळाकडे.

त्याच वेळी होडी किनाऱ्याला घासली. पुतळी मुखवटा पदरात धरून घराकडे धावत सुटली. शेटला हवालदाराच्या हाती सोडून थोड्या वेळाने प्रल्हादही निघाला, भिकूपुढे आपली चूक कबूल करायला.

तो दाराशी पोचला, तेव्हा भिकू दिवा हातात घेऊन देवीकडे बघत होता.

"आईच्या कपाळाला वाळू कशी? गेली होती कुठं?"

"सिनेमात," पुतळी म्हणाली.

भिकूला ती थट्टाच वाटली; दिवा तिच्या हाती देऊन तो पोट धरून हसला. पुतळीला मात्र त्या दिव्याची वात काही केल्या सरळ करता येईना.