कोपऱ्यातली पुसलेली ओळ

"अनंतराव, असाल तसे या. गौरम्मानं मुलींची माहिती विकली!"

विनीताताईंचा फोन आला आणि अनंतराव लातूरहून औशाच्या बसमध्ये बसले. कॉम्प्युटरचे निवृत्त मास्तर. कुणाचं मशीन अडलं की बोलावण्याआधी पोचणारे. आज तर ताईंचं अख्खं वधू-वर सूचक केंद्रच अडलं होतं.

तीन मुलींच्या घरी अनोळखी माणसाचे फोन गेले होते. पैसे द्या, नाहीतर पोरीचा फोटो घाण मजकुरासकट पसरवतो.

टायपिंग करणारी गौरम्मा स्टुलावर ताठ बसली होती. डोळे लाल.

"आठ वर्सं काम करायलेय सर. एक कागूद घरी नेला न्हाई."

"शेवटचा फोन कुणाला?" अनंतरावांनी ताईंना विचारलं.

"अपूर्वाच्या वडिलांना. काल."

"तिची माहिती टाइप कुणी केली?"

"मीच, सोमवारी."

"तेव्हा गौरम्मा?"

"शनिवारपासून उदगीरला, बहिणीकडे. आज आली."

"प्रिंट काढली? कुणाला पाठवली?"

"छे! अजून कॉम्प्युटरातच आहे."

"मग गौरम्माला अपूर्वा माहीतच नाही," अनंतराव खुशीत म्हणाले. असली उकल त्यांना भारी आवडायची. "चोर कॉम्प्युटरात आहे, ताई."

त्यांनी पाहिलं, तर अँटिव्हायरस बंद.

"हा शहाणपणा कुणाचा?"

"तुमचाच की! उगाच ओरडतो म्हणालात."

मास्तरांची नजर स्क्रीनच्या उजव्या कोपऱ्यात गेली. विंडोज रीतसर घेतलेलं नाही, अशी आठवण देणारी फिकट ओळ तिथे असायची. आता कोपरा स्वच्छ होता.

त्यांनी आधी इंटरनेटची वायर उपसली.

"ताई, ती ओळ घालवायला दोन महिन्यांमागं मी पेनड्राइव्हमधून एक फुकटचा जुगाड टाकला. अँटिव्हायरस ओरडला, तो खरं बोलत होता. मीच त्याचं तोंड बंद केलं. जुगाडाच्या पोटात चोर होता. तुम्ही टाइप करायचं, त्यानं बाहेर पाठवायचं. दार मी उघडून दिलं."

"आन् बोलणी म्या खाल्ली," गौरम्मा म्हणाली. "त्यो पेनड्राइव्ह आनखी कुठं कुठं लावला, सर?"

नायगावचं झेरॉक्स दुकान. कंधारची शाळा. मेहुण्याचा दवाखाना. सगळीकडे चहा झाला होता, 'मास्तर म्हणजे देवमाणूस' ऐकून झालं होतं. मास्तरांची मान खाली गेली.

"पोलिसांत मी जातो. आजच."

"जावा. पर आधी हे." तिनं टेबलावरचा फोन पुढे सरकवला. "अपूर्वाच्या बापाला ताईंनी माझं नाव सांगितलंय. ते काढा."

अनंतरावांनी नंबर फिरवला. पलीकडून "कोण?" आलं. गौरम्मा त्यांच्याकडेच बघत होती.

"मी अनंतराव. तुमच्या मुलीची माहिती गौरम्मानं नाही, मी बाहेर जाऊ दिली."