नवरीच्या गालावरचा तीळ

जत्रेतल्या सिनेमाच्या तंबूत सगळे डोळे पुसत होते आणि सिडोनीला मात्र फिस्सकन हसू फुटलं! पडद्यावरच्या नवरीचे ओठ कोळसा खाल्ल्यासारखे काळेकुट्ट... आणि गालावर टपोरा तीळ.

"रडायच्या जागी हसता?" यंत्राचा दांडा फिरवत तंबूवाला आशील कुजबुजला. तरुण होता, मिशीही धड फुटली नव्हती.

"चोरी सापडली की हसू येणारच, महाशय. तो तीळ माझा आहे."

सिडोनी पॅरिसबाहेरच्या एका कारखान्यात चित्रफिती रंगवायची. चौकटीमागून चौकट, नवरीचे ओठ लाल, ओठ लाल... कंटाळून तिने एकाच प्रतीत गालावरही ठिपका ठेवून दिला होता. रंगीत फितीवरून चोरून काळी-पांढरी नक्कल काढली की लाल काळा उमटतो!

"आणि नवरीमागच्या भिंतीवरचा नांगर कुठे गेला? चोरी ओळखता यावी म्हणून आमचे मालक प्रत्येक देखाव्यात टांगतात तो?"

"खरवडला," तो पुटपुटला. "सुईने... एकेका चौकटीतून. तीन आठवडे."

"काय कष्टाळू चोर आहे!" त्याचे कान लालबुंद झाले. तिचं हसू मात्र विरलं. "मालकांना वाटतं, प्रत आम्ही मुलींनीच बाहेर दिली. सोमवारपर्यंत चोर मिळाला नाही, तर आमच्या टेबलावरच्या सगळ्या जणी घरी."

"मग सांगा ना माझं नाव."

"तंबू जाईल तुमचा."

"जाईल," तो म्हणाला. दांडा फिरतच होता.

रविवारभर तिने सांगायचं ठरवलं आणि मोडलं. सोमवारी मालकांच्या दारापाशी पोचते तर — टोपी हातात, फितीचा डबा काखेत, आशील आधीच उभा!

मुली राहिल्या. तंबू गेला. फीत कारखान्याच्या अंगणात जाळली, भक्कन पेटली.

शुक्रवारी सुटल्यावर तो फाटकाशी दिसला, भाजलेल्या चेस्टनटचा पुडा घेऊन.

"एक विचारू?" सिडोनी म्हणाली. "नांगर खरवडलात, मग तीळ का ठेवलात? त्यानेच तर पकडले गेलात."

"सुई नेली होती तिथवर. पण... रोज वाटायचं, हा कुणी दिला असेल?"

तिने अंबाड्यात खोचलेला लाल रंगाचा कुंचला काढला, जिभेने ओला केला आणि त्याच्या गालावर लाल ठिपका ठेवला.

"हा खरवडलास तर बघ!"

ट्राममध्ये सगळे टकामका बघत होते. आशील चेस्टनट सोलून तिच्या हातावर ठेवत राहिला — गाल काही त्याने पुसला नाही.