अठराव्या खेळीला काय विचार केलात? तिला एवढंच विचारायचं होतं.

पण तिचा प्रतिस्पर्धी हरला, त्यानं निकालाच्या कागदावर सही केली, खुर्ची सरकवली आणि तो निघून गेला. त्यात नियमाबाहेरचं काही नव्हतं. पण डाव संपला की शेजारच्या खोलीत दोघांनी पुन्हा पट मांडायचा, कुठे कोणाच्या डोक्यात काय होतं ते एकमेकांना सांगायचं, ही बुद्धिबळातली जुनी रीत. ती तर या रीतीसाठीच खेळते, असं बाकीचे खेळाडू म्हणत. इतके प्रश्न विचारायची की तिचं नावच 'उलटतपासणी' पडलं होतं.

आज उत्तरं द्यायला कोणी नव्हतं. विश्लेषणाच्या खोलीत ती एकटीच पट मांडून बसली. पाऊस खिडकीच्या काचेवर हलकेच टिचक्या मारत होता. तिनं काळ्याचा घोडा उचलला, ठेवला... परत उचलला.

"त्या बिचाऱ्याला एकदाचं कुठेतरी बसू द्या," मागून आवाज आला.

हातात चहाचे दोन कागदी कप घेऊन तो उभा होता. त्याला सगळेच ओळखत. सोळाव्या वर्षी ग्रँडमास्टर झालेला मुलगा; वर्तमानपत्रांनी त्याला तेव्हाच जगज्जेता करून टाकलं होतं. मग तो दिसेनासा झाला. एका मोठ्या खेळाडूचा मदतनीस म्हणून पडद्याआडून खेळी शोधून देत राहिला. लोक त्याला 'सावली' म्हणू लागले. आठ वर्षांनी तो पुन्हा स्वतःच्या नावानं खेळायला आला होता.

"जिंकलात ना? मग तोंड असं का?"

"अठराव्या खेळीला त्यानं घोडा मागे का घेतला, कळलं नाही. विचारायच्या आत पळाला."

"मग मी बसतो त्याच्या जागी. विचारा."

"डाव तुम्ही कुठे खेळलात?"

"दुसऱ्याच्या डोक्यानं विचार करायचा, हाच तर माझा धंदा होता."

तो समोर बसला. पटाकडे पाहून त्यानं पळालेल्या खेळाडूसारखंच नाक चोळलं, तसाच उसासा टाकला. "मला तुमच्या उंटाची धास्ती वाटली," तो गंभीरपणे म्हणाला. "आणि खरं सांगू... भूक लागली होती."

ती हसली. दुसरा कप त्यानं तिच्याकडे सरकवला.

मग रोजच संध्याकाळी ती दोघं त्या टेबलाशी दिसू लागली. पटावरचे प्रश्न संपले की ती पटाबाहेरचे काढायची.

"एवढं नाव झालेलं असताना दुसऱ्याची सावली का झालात?"

"एक मोठी स्पर्धा हरलो. दुसऱ्यासाठी खेळी शोधली की हरायचं काम त्याचं. फार आरामाची नोकरी होती."

"मग सोडलीत का?"

"एकदा तो माझी खेळी खेळून जिंकला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवत होतो... आणि एकदम स्वतःचंच हसू आलं. आता तुमचं सांगा."

तिचं सांगण्यासारखं थोडंच होतं. ग्रँडमास्टर व्हायला तीन स्पर्धांत ठरलेल्या दर्जाचा खेळ करून दाखवावा लागतो. तिच्या दोन झाल्या होत्या. तिसरी दोनदा हातातोंडाशी येऊन निसटली होती, दोन्ही वेळा अर्ध्या गुणानं.

यावेळीही सगळं त्या अर्ध्या गुणावरच आलं. शेवटच्या फेरीत नुसती बरोबरी हवी होती. जोड्यांचा कागद भिंतीवर लागला. तिच्या नावासमोर त्याचं नाव होतं.

मामाचा लगेच फोन. मामानंच तिला पट शिकवला होता आणि अजूनही तोच तिचा प्रशिक्षक होता. "सरळ बोल त्याच्याशी. चार खेळ्या खेळा, हात मिळवा, जेवायला जा. सगळी दुनिया करते."

"आणि तो हो म्हणाला तर?"

"तर तू ग्रँडमास्टर."

"पण मग त्याला दुसरं काही कोणत्या तोंडानं विचारू?"

"दुसरं म्हणजे काय गं?"

"काही नाही. ठेवते."

त्या संध्याकाळी ती पट मांडून बसली. तो आलाच नाही.

दुसऱ्या दिवशी अठरावी खेळी करून त्यानं मान वर केली, हळूच म्हणाला, "बरोबरी?" आणि घड्याळ दाबलं.

आता फक्त हात पुढे करायचा होता. तिनं त्याच्याकडे पाहिलं. त्याचे कान लाल झाले होते. दया करतोय माझ्यावर... तिला वाटलं. किताब हवा होता, पण हा असा, कोणी उष्टा ठेवल्यासारखा नको होता. तिनं मान हलवली आणि एक प्यादं पुढे ढकललं.

प्यादं चुकीचं होतं. डाव तिथून उसवत गेला. तो तिळभरही सवलत देत नव्हता. ती एकेक भोक बुजवत राहिली, बोटं गार पडली, भोवतालची टेबलं रिकामी झाली. शेवटी पटावर फक्त दोन राजे उरले. पंच आले. बरोबरीची खूण म्हणून दोघांनी आपापला राजा मधल्या घरांत शेजारी शेजारी ठेवला. खेळ चालू असताना राजांना इतक्या जवळ येता येत नाही.

खेळाआधी जमा केलेला फोन परत घेऊन ती विश्लेषणाच्या खोलीत आली. तो आधीच बसला होता. दोन कप होते. अभिनंदन वगैरे ऐकून न घेता तिनं डाव अठराव्या खेळीपर्यंत मांडला.

"इथे काय विचार केलात?"

"घाबरलो होतो."

"तुम्ही?"

"खेळी केली आणि दिसलं. हत्ती या बाजूला आणला असतात, तर माझा वजीर गेला असता. म्हणून घाईनं बरोबरी मागितली."

तिनं हत्ती तिथे ठेवून पाहिला. खरंच होतं.

"मला वाटलं, दया करताय."

"दया? माझं पहिलं बक्षीस गेलं या डावात. तुम्हाला हत्ती दिसला कसा नाही?"

"मी पटाकडे कुठे पाहत होते..." ती म्हणाली. "कानांकडे पाहत होते. तुमच्या."

त्याचा हात आपोआप कानाकडे गेला.

"आणि काल का आला नाहीत?"

"आलो असतो तर मीच बरोबरीचं बोललो असतो. मग तुमचा किताब तुमचा राहिला नसता."

"बरं... पहिल्या दिवशी तुमचा डाव लवकर संपला होता ना? मग इथे काय करत होतात?"

"दाराच्या काचेतून तुम्हाला पाहत होतो. चहा दोन घेतले होते, तुमच्या लक्षात आलं नाही?"

तिनं डोक्याला हात लावला. "आणि मला वाटलं, घोड्यासाठी आलात."

"घोड्याचा विचार नव्हता माझ्या डोक्यात. इतकं सगळं विचारलंत, हे एवढंच राहिलं."

"मग आता विचारते," ती म्हणाली. "आत्ता काय विचार करतोयस?"

त्यानं तोंड उघडलं आणि टेबलावरचा तिचा फोन थरथरला.

"अगं, झालीस ना?" मामाचा आवाज खोलीभर ऐकू आला.

"झाले, मामा. ग्रँडमास्टर झाले."

मामानं नाक ओढलं. मग घसा खाकरून हळूच विचारलं, "आणि ते... दुसरं?"

तिनं समोर पाहिलं. कान पुन्हा लाल झाले होते. पण यावेळी तो घाबरलेला दिसत नव्हता, आणि त्याचा हात पटावरून तिच्या हाताजवळ येऊन थांबला होता.

"त्याचं विश्लेषण चालू आहे," ती म्हणाली आणि तिनं फोन ठेवला.