सतरा सप्टेंबरचा दिनविशेष

आधीच सांगतो, ही थाप नाय. ज्याला हसायचं त्यानं खुशाल हसावं, पण पुरतं वाचून झाल्यावर.

हे घडलं आमच्या सुगंधाकाकूच्या घरी. संभाजीनगरला लागून बजाजनगर हाय, तिथं. तारीख सतरा सप्टेंबर, साल दोन हजार अठरा.

आणि रात्र-बित्र काय नव्हती हो. लख्ख ऊन पडलेलं.

काकूचा नवरा, म्हणजे आमचे मल्हारकाका, शाळेत गुरुजी होते. प्रार्थनेनंतर पोरांना दिनविशेष सांगायचं काम जन्मभर त्यांच्याकडंच. आजच्या तारखेला जगात काय काय झालं, ते सगळं तोंडपाठ. घरीसुद्धा सोडायचे नाय. चहाचा कप हातात आला की साल विचारायचे, आणि समोरच्यानं उत्तर द्यायचं.

द्यायची फक्त बाना. त्यांची धाकटी लेक, दुसरीतली. लई चुणचुणीत पोर. चुकली तरी ठासून चुकायची.

एकोणीसशे अठ्ठ्याण्णवच्या सतरा सप्टेंबरची गोष्ट. मराठवाडा मुक्त झाला त्याला पन्नास वर्षं झाली होती. शाळेत मोठा कार्यक्रम, आणि सगळा काकांच्या गळ्यात. त्याच सकाळी बाना तापानं फणफणलेली. काकू म्हणाली, "अहो, आधी हिला दवाखान्यात नेऊ."

"एवढं झेंडावंदन उरकलं की आलोच," काका म्हणाले.

ते आले तेव्हा पोर गेली होती.

त्या दिवसापासून काकांनी बानाचं नाव काढलं नाय. एकदाही नाय. दिनविशेष मात्र चालूच. आता स्वतःच विचारायचे, स्वतःच सांगायचे. सतरा सप्टेंबरला अमेरिकेची राज्यघटना व्हायची, चित्रकार हुसेन जन्मायचे, हैदराबाद संस्थान भारतात यायचं. एकोणीसशे अठ्ठेचाळीस आलं की कप खाली ठेवून उठायचे. त्याच्या पुढं कधीच गेले नाय.

काकू दर वर्षी पडद्याआड कान देऊन उभी राहायची. अहो, साऱ्या जगाचं सांगता, आपल्या लेकीचं एकदा तरी सांगा की! पण तोंडावर बोलायचं धाडस झालं नाय. जन्माची तेवढीच एक आस, आणि काका अठराच्या उन्हाळ्यात तसेच निघून गेले.

मुलगा बन्सी पुण्यात. त्यानं घराला गिऱ्हाईक बघितलं. "आई, तिथं एकटी काय भिंतींशी बोलत बसतीस? चल इकडं."

काकू तयार झाली. खरंच भिंतींशी बोलायची ती. सामान बांधून झालं...

आणि सतरा सप्टेंबर उजाडला.

सारी गल्ली झेंडावंदनाला गेलेली. लांब चौकात कर्ण्यावर गाणी लागलेली. काकूनं सवयीनं दोघांचा चहा ठेवला. मग ध्यानात आलं, आणि ओट्याला धरून ती ढसाढसा रडली.

तेवढ्यात... गाणं बंद पडलं.

पंखा थांबला. लाईट गेली असंल, तिला वाटलं.

पण चिमण्याही गप्प?

समोर चहा खदखदत होता... आणि त्याचाही आवाज येत नव्हता.

बाहेरच्या खोलीत कुणीतरी खाकरलं.

दाराला आतून कडी होती.

"सतराशे सत्त्याऐंशी?"

काकांचा आवाज. सगळ्या मैदानाला ऐकू जायचा, तोच.

काकू सांगते, "भ्या नाय वाटलं रे. आधी रागच आला. म्हटलं, मेल्यावर पण हेच?"

आवाजानंच उत्तर दिलं. अमेरिकेची घटना झाली. हुसेन झाले. हैदराबाद झालं.

काकू पडद्यापाशी येऊन थांबली. आता कप खाली ठेवल्याचा आवाज येणार...

आला नाय.

नुसता श्वास ऐकू येत होता. जड.

"एकोणीसशे... अठ्ठ्याण्णव?"

काकूच्या हातातली गाळणी फरशीवर पडली. तिचाही आवाज झाला नाय.

वीस वर्षं ज्याची वाट बघितली ते साल आलं होतं. पण पुढं उत्तर येईना. काकांनी परत विचारलं, "अठ्ठ्याण्णव?"

आणि खालून... कमरेएवढ्या उंचीवरून... कुणीतरी ठसक्यात सांगितलं,

"मी गेले, आप्पा!"

बाना बापाला आप्पाच म्हणायची.

मग काका रडले. माणूस तोंड दाबून रडतो ना, तसे. काकूनं पडदा फर्रकन ओढला.

खोलीत कुणी नव्हतं.

बांधून ठेवलेली खोकी, आणि दाराची कडी जिथल्या तिथं.

आणि त्या रिकाम्या खोलीतून, अगदी हळू, आवाज आला...

"दोन हजार अठरा?"

त्याचं उत्तर ना काकांनी दिलं, ना बानानं. दोघं थांबले होते. काकूला कळलं की हा प्रश्न तिच्यासाठी हाय, आणि उत्तर बानानं दिलं तेच. तिनं पडदा मुठीत घट्ट धरला.

"दोन हजार अठरा?"

ती बोलली नाय.

एकदम पंखा गरागरा फिरला. चौकातलं गाणं सुरू झालं. चहा सगळा आटून भांडं करपलं होतं.

काकूनं खोकी सोडली. घर विकलं नाय. बन्सीनं डोकं आपटून घेतलं, पण ती हलली नाय. दर सतरा सप्टेंबरला कडी लावून एकटीच बसते. दर वर्षी ते येतात. दर वर्षी शेवटी चालू साल विचारतात, आणि ती गप्प राहते. "अजून धीर होत नाय रे," मला म्हणायची.

परवा भेटायला गेलो होतो. वाळून काडी झालीय. मी म्हटलं, "काकू, यंदा सतरा तारखेला मी येऊन बसतो सोबतीला."

"नको रे बाबा," ती हसून म्हणाली. "किती वर्षं ताटकळत ठेवू दोघांना? यंदा मी उत्तर देणार हाय."

मी लगोलग बन्सीला फोन लावला. कसं सांगावं तेच सुचेना. तोच उलट मला म्हणाला, "काळजी नको करू दादा, आई हल्ली लई खुशीत असती."

सप्टेंबर लागलाय.