गिनती एकानं जास्त

गाडीला उशीर का झाला, हे कळल्याशिवाय मला चैन पडत नाही. एकतीस वर्षं एसटीत वाहतूक नियंत्रक होतो, आधी जालन्याला, शेवटची नऊ वर्षं परतूरला. खिडकीमागे बसायचं आणि उशिरा आलेल्या प्रत्येक गाडीपुढे कारण लिहायचं. फाटक बंद, टायर बसला, मंठ्याच्या बाजाराची गर्दी. 'कारण माहीत नाही' असं मी एकदाही लिहिलेलं नाही. निवृत्त होऊन आष्टीला आलो तरी खोड गेली नाही. कुणाची वरात उशिरा पोचली तर मी नवरदेवाच्या मामाला बाजूला घेऊन विचारतो. तेव्हा हे सांगणारा माणूस भित्रा नाही, फक्त चौकस आहे, एवढं धरून चला. दिवा जरा इकडे सरकवा, म्हणजे तुमचं तोंड दिसेल.

डिसेंबरातली गोष्ट. माझा बालमित्र राधाकिसन एका संध्याकाळी बसल्या जागी गेला. आयुष्यभर मेंढरं राखली, जोडीला शेती केली, गालात कायम चुना-तंबाखू, जालन्याच्या पलीकडे फारसा कधी गेला नाही. एकुलता एक मुलगा करण, दिल्लीला नोकरीला. अग्नी त्यानंच द्यायचा, आणि आमच्याकडे दिवस मावळल्यावर अग्नी देत नाहीत. सकाळचं विमान अकराला चिकलठाण्याला उतरणार, तिथून आष्टी तीन तास, म्हणजे दोनपर्यंत पोरगं घरी. मी पहाटे रामेश्वरची गाडी ठरवली आणि करणला आणायला निघालो.

निघताना एक गोष्ट घडली. राधाकिसनची एक सवय गावाला ठाऊक होती. करण येणार म्हटलं की हा दोन तास आधी परतूर स्टेशनात जाऊन उभा. मी दारात असताना गोपिकावहिनी त्याच्या उशाशी वाकल्या आणि रोजच्यासारख्या आवाजात म्हणाल्या, "उठा की आता. करण यायलाय. आणायला जावा." त्यांच्या मोठ्या जाऊ उषाबाई लगबगीनं पुढे आल्या, त्यांच्या तोंडावर हात ठेवला आणि हळूच म्हणाल्या, "मयताला काम सांगत न्हाईत गं."

बाई दुःखात बोलली, एवढंच मी मनाशी म्हटलं.

विमानतळ म्हणजे मला नवीनच जग. डिझेलचा वास नाही, शेंगा विकणारा नाही, कुणी कुणावर खेकसत नाही. पण फळ्यावर 'उशिरा' हा शब्द दिसला आणि मला घरी आल्यासारखं वाटलं. चौकशीच्या खिडकीत वंदना नावाची एक शांत मुलगी होती. तिला मी कारण विचारलं. दिल्लीत धुकं, ती म्हणाली. तासाभरानं पुन्हा विचारलं. धुकं उठलं होतं, पण हे विमान सकाळी आधी दुसऱ्या गावी जाऊन यायचं होतं, ते तिकडेच अडकलं होतं. एकच विमान दिवसाला पाच-सहा फेऱ्या करतं आणि सकाळचा उशीर रात्रीपर्यंत गावोगाव वाटत सुटतं, हे ऐकून मला आमच्या मुक्कामी गाड्या आठवल्या. उभ्या विमानाचा खर्चही मिनिटावर चालतो म्हणे. वैमानिकाच्या कामाचे तास भरत आले तर तो उतरून जातो, मग दुसरा शोधा. मी मान हलवत ऐकत होतो आणि मनात घड्याळ लावत होतो. दिवस पावणेसहाला मावळतो. पाऊण वाजेपर्यंत विमानानं दिल्ली सोडली नाही, तर राधाकिसनला दुसऱ्या कुणाच्या हातचा अग्नी घ्यावा लागणार होता. दुसऱ्या दिवसापर्यंत त्याला ठेवायला आष्टीत सोय नव्हती.

बारा वाजून दहा मिनिटांनी करणचा फोन आला. तो विमानात बसला होता, दार अजून उघडं होतं. आवाज इतका दबका, की मी दुसरा कान बोटानं बंद केला.

"काका, आता गिनतीसाठी थांबून राह्यले," तो म्हणाला. "तीनदा मोजलं. कागदावर आहेत त्यापेक्षा एक जास्त भरून राह्यलाय."

ही भाषा माझी होती. मी विचारलं, कुणी बिनतिकिटाचा शिरलाय का. त्यानं सांगितलं, सगळ्यांचे बोर्डिंग पास तपासले, सगळे बराबर आहेत. पण विमानातली मोजणारी बाई दर वेळी त्याच्या रांगेपाशी येते, त्याला मोजते, शेजारच्या जागेला मोजते आणि पुढे जाते. परत येऊन बघते तर ती जागा रिकामी.

"रिकामीच हाये ना पण?" मी विचारलं.

पलीकडून यंत्राची घरघर आणि कुणाचं तरी खाकरणं ऐकू आलं.

"रिकामी हाये... पण पट्टा लावलेला हाये, काका. मी न्हाई लावला. आणि चुना-तंबाखूचा वास येऊन राह्यलाय."

माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला, कारण मला कारण सापडलं होतं. राधाकिसनला बायकोनं आणायला जायला सांगितलं होतं, आणि तो गेला होता. तिकीट काढावं लागतं, हे त्या बिचाऱ्याला कोण सांगणार? आणि आता त्याच्यामुळेच त्याचं पोरगं त्याच्या चितेला मुकणार होतं.

मी नियंत्रकासारखा बोललो. जास्तीचा प्रवासी असला की त्याला नावानं हाक मारून उतरवायचं, गाडी सोडायची. "करण, शेजारी तोंड कर," मी म्हटलं. "म्हण, अण्णा, उतरा. गाडी खोळंबलीय. मी येतो मागून."

करण रडत होता. पण तो बोलला, मी ऐकलं. "अण्णा, उतरा..." आणि मग फोनमधून एक स्वच्छ आवाज आला, पट्ट्याची कडी सुटल्याचा. चौथ्यांदा गिनती बराबर भरली. साडेबाराला विमान हललं.

आम्ही सव्वापाचला आष्टीत पोचलो. करणनं अग्नी दिला तेव्हा ऊन पलीकडच्या तुरीवर होतं. मला स्वतःचा अभिमान वाटला. मेलेल्या माणसाचा उशीरसुद्धा मी सोडवला, असं त्या रात्री झोपताना मनात येऊन गेलं, आणि त्याची लाज मला आजही वाटते.

तिसऱ्या दिवशी राख सावडून आलो तर वहिनी ओट्यावर बसल्या होत्या. "भाऊ," त्या म्हणाल्या, "करण आला. हे कुठं राह्यले?" मी काहीतरी समजावलं. त्या ऐकत नव्हत्या. माणूस जातो पण घरात असतो थोडे दिवस, कळतं ते, त्या म्हणाल्या, आणि घर बिलकुल रिकामं आहे. दहाव्याला आम्ही दुपार टळेपर्यंत ताटकळलो, पिंडाला एक कावळा शिवला नाही. शेवटी दर्भाचा कावळा करून सगळे खालमानेनं परत आले.

आता माझी खोड बघा. मी मोबाइलवर रोज ते दिल्लीचं विमान बघत होतो. रोज उशीर. धुकं संपलं, ऊन पडलं, तरी कधी पंचवीस मिनिटं, कधी चाळीस. करणच्या ओळखीची पायल नावाची एक मुलगी, जालन्याचीच, दिल्लीच्या विमानतळावर नोकरीला होती. त्याला मी तिला कारण विचारायला लावलं. ती म्हणाली, बाकी विमानं ठीक जातात, याच एका फेरीची गिनती रोज चुकते. एक जास्त. मग सगळं पुन्हा तपासायचं, कधी तरी अचानक बराबर येतं आणि सोडतात.

करणनं फोन खाली ठेवला आणि माझ्याकडे पाहिलं. दोघांनाही एकदमच कळलं. राधाकिसन रोज चढत होता. गाडी खोळंबली, की कुणी न सांगताच उतरत होता, कारण पोरानं तसं सांगितलं होतं.

चूक माझी होती. एसटीत आम्ही नव्या माणसाला पहिल्याच दिवशी शिकवायचो की पुढची गाडी मिळणार नाही अशा ठिकाणी प्रवासी उतरवायचा नाही. आणि मी जन्मभर मेंढरामागं चाललेल्या माणसाला दिल्लीत उतरवून दिलं. त्याला तिथली भाषा येत नव्हती. जास्तीच्या प्रवाशाला उतरवण्याशिवाय दुसराही एक उपाय असतो, आणि तो पोरसवदा कंडक्टरलाही माहीत असतो. त्याचं तिकीट फाडायचं.

तेरावं झाल्यावर करण दिल्लीला गेला आणि आठव्या दिवशी त्याच विमानाची दोन तिकिटं काढली. एक स्वतःचं, एक राधाकिसनच्या नावाचं, शेजारशेजारच्या जागा. बापाचा पास दारावर कसा चालला, ते पायलला ठाऊक. मी, सगळ्याची कारणं विचारणारा, तेवढं विचारलं नाही.

त्या दिवशी विमान वेळेवर सुटलं. अकराला दोन मिनिटं कमी असताना उतरलं, मी रामेश्वरची गाडी घेऊन बाहेर थांबलोच होतो. करण बाहेर आला तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर तीन आठवड्यांनी हसू होतं. दाराबाहेर थांबून त्यानं मागे पाहिलं, कुणाला तरी पुढे होऊ द्यावं तसा बाजूला सरकला. वाटेत त्यानं सांगितलं, की चुन्याचा वास सगळा वेळ होता, आणि पट्टा लागलेला होता. गिनती आधी एक जास्त आली होती, मग त्या बाईनं पुन्हा मोजलं आणि माझंच चुकलं म्हणून हसली. मी खुशीत होतो, त्या बोलण्याकडे लक्ष दिलं नाही. करण रामेश्वरशेजारी पुढे बसला होता. मागच्या सीटवर राधाकिसनला जागा सोडून मी दाराला लागून बसलो होतो, आणि एका माणसापुरती जागा सोडूनही जालन्यापासून पुढे मला सारखं आवळल्यासारखं होत होतं.

दोन वाजता आष्टीत शिरलो. कडक ऊन, गल्लीत चिटपाखरू नाही. गोपिकावहिनी दारात भाकरीचा तुकडा आणि पाण्याचा तांब्या घेऊन उभ्या होत्या, लांबून आलेल्याला ओवाळून टाकायला. त्यांनी करणवरून तुकडा ओवाळला, टाकला. दुसरा तुकडा घेतला आणि करणच्या शेजारच्या हवेवरून ओवाळला, जरा उंचावर, राधाकिसनच्या उंचीला. त्यांचे डोळे भरून वाहत होते. "किती उशीर केला," एवढंच त्या म्हणाल्या. मीही रडलो. बरं वाटलं, सुटल्यासारखं वाटलं.

मग त्यांनी तिसरा तुकडा मोडला आणि हात तसाच थांबला.

"भाऊ," त्या मला म्हणाल्या, आवाज अगदी साधा, चौकशीचा. "यांच्यासंगं ही बाई कोन आली?"

मी ओट्याकडे पाहिलं. ऊन होतं, बाकी काही नव्हतं.

"हे म्हणून राह्यले, तिथं बसलेली होती लई दिवसापासून," वहिनी सांगू लागल्या. "तिला घ्यायला कोनी आलंच न्हाई. माझ्याकडं तिकीट हाये, ये म्हणले... भाऊ, तुमी स्टँडावर होते. हरवलेल्या माणसांचं तुमीच बघायचे ना. हिच्या घरच्यांना कळवा."

एकतीस वर्षांत अशी शेकडो माणसं मी घरी लावली असतील. सवयीनं शब्द आपोआप आले. नाव विचारा, मी म्हटलं. गाव कोणतं, विचारा.

वहिनींनी ओट्याच्या माझ्या बाजूच्या कोपऱ्याकडे बघितलं आणि मान तिरकी करून बराच वेळ ऐकलं.

"नाव न्हाई सांगून राह्यली," त्या म्हणाल्या. "म्हणती, मी यांच्याच घरी ऱ्हाईन... तुमच्याकडं बोट करून राह्यली, भाऊ."