हरिदासकाका थांबतात

भुतं फक्त रात्रीच निघतात असं ज्यांनी ठरवलं, त्यांनी एडिटिंगची खोली पाहिलेली नसावी. बाहेर रायपुरातल्या तेलीबांध्याच्या तलावावर ऊन रटरटत असलं, तरी दीक्षा मेश्रामच्या खोलीत पडदे ओढलेले, एसीची घरघर आणि तापलेल्या मशीनचा जळकट वास. लग्नाच्या व्हिडिओंवर गाणी चढवण्यापासून तिने सुरुवात केली होती. मग कित्येक वर्षं दुसऱ्यांच्या माहितीपटांची जोडाजोड केली, आणि नाव अर्थातच दुसऱ्यांचं झालं. आता पहिल्यांदा टीव्हीवर तिचं स्वतःचं नाव येणार होतं. बाईसाहेब चहा ढवळतानासुद्धा गुणगुणत होत्या.

माहितीपट होता रायपुरच्या रेल्वे कॉलनीतल्या मराठी नाटकवाल्यांवर, आणि त्याचा शेवट होता हरिदासकाकांवर. काका रेल्वेतले रिटायर्ड गार्ड. दरवर्षी भीमजयंतीला पाऱ्यातल्या, म्हणजे मोहल्ल्यातल्या, विहाराच्या सभागृहात नकला करून ते लोकांना पोट धरधरून हसायला लावत. मुलाखत मोठ्या हौसेने दिली आणि पंधरवड्याच्या आत झोपेतच गेले.

चॅनेलच्या भार्गवसाहेबांनी फोनवर बजावलं होतं, शेवट रेंगाळला तर फिल्म दुसऱ्या एडिटरकडे जाईल. आता काकांचा तर सगळा खेळच रेंगाळण्याचा. “साऱ्या जिंदगीभर गाड्यायले हिरवी झंडी देल्ली…” एवढं म्हणून ते थांबत, उजवीकडे पाहत, आणि मग सांगत, “पन घरात मले लालच भेटली.” दीक्षाने मधलं थांबणं कापून टाकलं. माणसांचे आवंढे, खोकले, उसासे कापणं हाच तिचा धंदा. त्यासाठी कुणाची झोप उडत नाही.

दुसऱ्या दिवशी ते थांबणं जागच्या जागी परत आलेलं होतं. सेव्ह करायचं राहिलं असेल म्हणून तिने पुन्हा कापलं. ते पुन्हा आलं, आणि आता ते आधीपेक्षा लांबलं होतं. तिचा पहिला संशय यशदीपवर. तिचा कॅमेरामन आणि शाळेपासूनचा दोस्त, मस्करीत कधीच मागे नसे. उरला या कारखान्यांच्या भागातलं शूटिंग सोडून तो धुळीने माखलेला तसाच आला, आणि दोघं स्क्रीनसमोर बसले.

काका पहिलं वाक्य बोलले आणि थांबले. मान सावकाश उजवीकडे वळली. पापण्या लवत होत्या, ओठाच्या कोपऱ्यात हसू होतं, पण काका पुढे बोलेनात. एसीची घरघरही कुठेतरी लांब गेल्यासारखी वाटली. खोलीत अगरबत्तीचा मंद वास आला, आणि दीक्षाच्या खोलीत अगरबत्ती कधी लागतच नसे.

“दीक्षा… इतका टाइम कॅमेरा चालूच नव्हता,” यशदीप दबक्या आवाजात म्हणाला. “ओरिजिनल लाव.”

मूळ फुटेजमध्ये काका जेमतेम एक श्वास थांबले होते.

दीक्षाने काकांच्या बायकोचं, शांताकाकूंचं घर गाठलं. काकू अंबाडीची भाजी निवडत होत्या. विधवा बाईला असलं काही कसं सांगायचं? तिने फक्त एवढंच विचारलं, की काका मध्येच थांबतात, ते कापलं तर चालेल का.

काकू हसायलाच लागल्या. “काहून कापतं वं पोट्टे? ते वाट पाहत होते. मी विंगेत बसत होती, उजव्या हाताले. मी हासली की मंग पुढचं बोलत. एका सालले मी लेकराले घेऊन बाहेर गेली, तं मी येईपर्यंत हे थांबलेलेच, पुरी पब्लिक चुपचाप बसून राहिली.”

ऐकून दीक्षाच्या अंगावर काटा आला, आणि गंमत म्हणजे त्याच क्षणी तिची भीती निम्म्याने उतरली. हा माणूस कुणाचं वाईट करायला आलेला नव्हता. नाव गेलं तर गेलं, पण काकांना आता कात्री लावायची नाही, असं तिने ठरवून टाकलं.

जयंतीला विहाराच्या सभागृहात आधी पाऱ्याला फिल्म दाखवली. पोराटोरांनी सभागृह दणाणून सोडलं होतं. शेवट आला. “हिरवी झंडी देल्ली…” काका थांबले. नेमका तेव्हाच पहिल्या रांगेतल्या काकूंचा चष्मा डोळ्यांतल्या पाण्याने धुरकटला. त्यांनी तो काढला आणि पदराने पुसायला घेतला. पडद्यावर काका थांबलेलेच. पोरंसुद्धा गप्प झाली. यशदीपने दीक्षाचं मनगट घट्ट धरलं. काकूंनी निवांत काचा पुसल्या, चष्मा चढवला, वर पाहिलं.

“हव, आली मी. बोला आता,” म्हणाल्या, आणि हसल्या.

“पन घरात मले लालच भेटली,” काका म्हणाले.

अख्खं सभागृह खदखदून हसलं. दीक्षा इतकी हसली की तिच्या डोळ्यांतून पाणी आलं. एवढा आनंद तिला कामात कधीच मिळाला नव्हता. पुढे भार्गवसाहेबांनीही तिच्या टायमिंगची तोंड भरून तारीफ केली. टीव्हीवर तिचं नाव ठळक अक्षरांत आलं, कामं चालून यायला लागली, आणि खरं तर काकांची असलेली ती तारीफ तिने मुकाट्याने स्वतःकडेच ठेवून घेतली.

पुढच्या वर्षी जयंतीच्या सुमारास चॅनेलने फिल्म पुन्हा लावली. त्याच दिवशी सकाळी शांताकाकू गेल्या. दीक्षा अंत्ययात्रेहून आली, आंघोळ केली आणि ओल्या केसांनीच टीव्हीसमोर बसली. घरात दुसरं कुणी नव्हतं. काकांचं ते थांबणं पाहिलं की काकूंना एकदा हसताना पाहिल्यासारखं वाटेल, एवढीच तिची आशा.

“साऱ्या जिंदगीभर गाड्यायले हिरवी झंडी देल्ली…”

काका थांबले. आज त्यांनी उजवीकडे पाहिलं नाही. ते सरळ समोर, दीक्षाकडे पाहत होते, ओठाच्या कोपऱ्यात तेच हसू घेऊन. काकूंच्या जागी आता त्यांना काय हवंय ते तिला लगेच कळलं. तिने हसायला तोंड उघडलं, तर हुंदकाच बाहेर पडला. तिने पुन्हा प्रयत्न केला. जाहिरातींची वेळ झाली आणि टळूनही गेली. काका पापण्या लववत थांबले होते, आणि दीक्षाला काही केल्या हसू येत नव्हतं.