डोळे वाळेपर्यंत

आठ स्टीलच्या वाट्या आणि शर्टाचं एक बटण, एवढ्या भांडवलावर मी लोकांचा मेंदू तपासते. हसण्यासारखंच आहे, आणि माझी आई हसतेही. रोह्याहून सकाळच्या गाडीने पेणला जाताना पिशवीत वाट्या वाजतात, तेव्हा निडी स्टेशनात चढणाऱ्या बायका विचारतात, "कुठं जेवायला निघालीस गो?" ऑक्युपेशनल थेरपिस्ट म्हणजे काय हे समजावण्यापेक्षा "व्हय" म्हणणं सोपं पडतं.

चाचणी साधी आहे. वाट्या पालथ्या मांडायच्या, एकीखाली बटण लपवायचं. वाटी उघडून पाहिली की जागच्या जागी पुन्हा पालथी घालायची, आणि बटण मिळेपर्यंत ती परत उघडायची नाही. धडधाकट माणूस बोलता बोलता करतो. मेंदूच्या उजव्या बाजूला झटका आलेल्याला, कधी पार्किन्सनच्या किंवा स्किझोफ्रेनियाच्या पेशंटला ते जमत नाही. त्याला नावं आठवतात, पन्नास वर्षांपूर्वीची लग्नं आठवतात. दोन मिनिटांपूर्वी आपला हात कुठे गेला होता, तेवढंच राहत नाही.

महिपतीकाकांना हेच झालं होतं. वय एकाहत्तर, पेणमध्ये गणपतीच्या मूर्तींचा कारखाना, आणि हातात पन्नास वर्षांची आखणी. आखणी म्हणजे मूर्तीचे डोळे काढणं. अंग, दागिने, पितांबर कोणीही रंगवतं. डोळ्यांना मात्र बसलेला हात लागतो. दिवाळीनंतर काकांना झटका आला. उजवा हात वाचला, बोलणं वाचलं, घरच्यांनी सुटकेचा निःश्वास टाकला. चैत्रात ते पुन्हा कामाला बसले आणि रोह्याच्या एका दुकानदाराकडे चोवीस मूर्ती गेल्या. त्यातल्या तिघांना डोळे नव्हतेच, आणि पाचांना दोनदा काढलेले होते, रेघेवर रेघ, त्यामुळे ते दचकल्यासारखे दिसत होते.

"एकसारख्या मूर्ती रांगेनं असतात मॅडम," त्यांचा मुलगा प्रदीप मला म्हणाला. "झाली कुठली नि राहिली कुठली, ते त्यांना कळत नाय. हात तसाच हाय. एक रेघ थरथरत नाय."

प्रदीपने वडिलांशी ठरवून टाकलं होतं. मी दोन-तीन महिने व्यायाम घ्यायचे, गणपतीआधी अहवाल द्यायचा. तोवर एकही चूक झाली तर ब्रश प्रदीपच्या हातात, आणि काकांनी ओट्यावर बसून पेपर वाचायचा. काकांना पेपर वाचायचा तिटकारा होता. पहिल्याच दिवशी त्यांनी मला हळूच विचारलं, "ब्रश सुटला तर मागं काय उरतंय बाय माझं?" मी व्यावसायिक हसू हसले. पण खरं सांगायचं तर हा माणूस मला त्या क्षणी आवडला आणि तो पास व्हावा असं मनापासून वाटलं. आमच्या धंद्यात असं वाटणं चांगलं नसतं.

जूनभर ते नापास होत राहिले. तिसरी वाटी उघडायचे, मग पाचवी, मग पुन्हा तिसरी, आणि प्रत्येक वेळी तोंडावर तेच नवं कुतूहल. एका फेरीत अकरा चुका. मी त्यांना युक्त्या शिकवल्या: डावीकडून सुरुवात करा, तोंडाने मोजा, झालेल्या वाटीला नाव द्या. एकही युक्ती टिकली नाही.

जुलैच्या पहिल्या आठवड्यात एके सकाळी त्यांनी आठही वाट्या एकही चूक न करता उघडल्या. बटण शेवटच्या वाटीत होतं.

त्यांची पद्धत बदलली होती. हात एखाद्या वाटीकडे जायचा, वीतभर वर थांबायचा आणि बाजूला वळायचा, गर्दीत कोणाला धक्का लागू नये म्हणून आपण वळतो तसा. मी पुन्हा चाचणी घेतली, मग आणखी एकदा. चूक शून्य.

"काका, कसं लक्षात ठेवलंत?"

"मी कुठं ठेवतोय," ते म्हणाले. "तिनं हात ठेवलाय ना. जी झाली तिच्यावर ती हात ठेवते."

ती म्हणजे चंद्रावती, त्यांची बायको. तिला जाऊन तीन वर्षं झाली होती.

प्रदीपची बायको समीक्षा धाटावच्या एका कंपनीत शिफ्टला जाते. त्या दिवशी तिची सुट्टी होती. मला चहा देताना तिने सासूबद्दल सांगितलं. या कारखान्याची एक रीत होती. आखणी झाली की डोळ्यांचा रंग वाळेपर्यंत घरातलं कोणीतरी मूर्तीसमोर उभं राहायचं. देवाची पहिली नजर भिंतीवर पडू नये, आपल्या माणसावर पडावी, म्हणून. चाळीस वर्षं ते काम चंद्रावतीबाईंचं होतं. काका एका मूर्तीवरून पुढच्या मूर्तीवर सरकायचे आणि मागून त्या सरकायच्या, मूर्तीच्या बैठकीवर हात ठेवून उभ्या राहायच्या. "त्यांच्यानंतर कोणालाच वेळ नाय झाला," समीक्षा म्हणाली आणि कपबशी उचलून आत गेली.

मला उत्तर मिळालं होतं. जुनी, खोलवर मुरलेली सवय मेंदूने नव्या कामाला जोडली होती. आम्ही हेच शिकवायचा प्रयत्न करतो, काकांनी ते स्वतः शोधून काढलं होतं. मी डायरीत तसं लिहिलं आणि परतीच्या गाडीत खूश होते. नागोठण्यापर्यंत.

नागोठण्याला मनात आलं की एक साधी खात्री करून घ्यायला हवी. मला ती करायची नव्हती, म्हणूनच करायचं ठरवलं.

पुढच्या वेळी मी काकांना मागच्या पडवीत पाठवलं, दार लावून घेतलं आणि टेबलावरच्या तीन वाट्या मीच उघडून पुन्हा पालथ्या घातल्या. दुसरी, तिसरी आणि सातवी. मग काकांना बोलावलं आणि काही न सांगता म्हटलं, बटण शोधा. त्यांनी पहिली उघडली. हात दुसरीवर थांबला, तिसरीवर थांबला, चौथीवर उतरला. सातवीलाही ते वळसा घालून गेले.

"ह्या तीन तू उघडल्यास," ते म्हणाले. "मग मला कशाला सांगतेस परत?"

मी तीन वेळा वेगवेगळ्या वाट्या घेऊन तेच केलं. तीनही वेळा तेच झालं. जे तुम्ही पाहिलंच नाही ते लक्षात ठेवण्याचा प्रश्न येत नाही. इथे माझ्या शास्त्राचं काही काम नव्हतं.

निघताना मी वाट्या गोळा केल्या. बाहेर दोन दिवस पाऊस लागून राहिला होता, घरातलं सगळं गारठलं होतं, स्टीलही. मी शेवटी उघडलेल्या तीन वाट्या मात्र कोमट होत्या.

मी हे कोणाला बोलले नाही. आईलासुद्धा नाही.

त्या महिन्यात काकांनी दीडशेच्या वर मूर्तींची आखणी केली. प्रदीप चोरून प्रत्येक मूर्तीच्या पाठीमागे खडूची खूण करून पडताळत होता. एकही राहिली नव्हती, एकही दोनदा झाली नव्हती. तो आनंदात असायला हवा होता. तो मला कारखान्यात घेऊन गेला आणि दोन रांगांच्या मधल्या बोळात उभं केलं.

"इथं उभ्या राहा मॅडम. कोण बघतंय का तुमच्याकडं?"

चांगल्या आखणीची मूर्ती समोरच्याकडे पाहते, हे मला एव्हाना ठाऊक होतं. मी साडेपाच फूट उंच आहे. दोन्ही रांगांतली एकही मूर्ती माझ्याकडे पाहत नव्हती. सगळ्यांच्या नजरा थोड्या खाली, माझ्या खांद्याच्याही खाली होत्या.

"आता जरा गुडघे वाकवा," तो म्हणाला.

मी वाकले, आणि ते सगळे एकदम माझ्याकडे पाहू लागले.

"आईची उंची," प्रदीप म्हणाला. त्याचे डोळे भरून आले होते. "मॅडम, तुम्ही काय लिवणार ते लिवा. पण व्यायाम बंद नका करू."

मला तिथे भीती वाटली नाही. वाटायला हवी होती बहुतेक. रंगाचा वास होता, पत्र्यावर पाऊस होता, आणि इतक्या प्रेमाने कोणाकडे तरी पाहिलं जातंय त्याच्या मध्ये आपण उगीच उभ्या आहोत, असा संकोच वाटला. मी बाजूला झाले.

गणेश चतुर्थीला सहा दिवस उरले असताना मी अहवाल द्यायला शेवटची गेले. कारखाना जवळपास रिकामा झाला होता. फक्त घरचा गणपती राहिला होता, शाडूचा, हातभर उंचीचा. त्याची आखणी दरवर्षी सर्वांत शेवटी होते. रंगाच्या दोन डब्यांवर एक लांब फळी टाकून काका त्याच्यासमोर बसले होते. ब्रश धुऊन बाजूला ठेवलेला होता.

मूर्तीच्या डोळ्यांच्या जागा पांढऱ्या होत्या.

प्रदीपनेही ते पाहिलं. मला वाटलं, झाली चूक. खोटं कशाला बोलू, जरा हायसं वाटलं. साधी, पुस्तकात सापडणारी चूक.

"बाबा, हा राहिला," प्रदीप म्हणाला.

"व्हय. राहिलाय. तो तू कर."

"मी?"

"माझी झाली."

प्रदीपने बाजूला ठेवलेल्या ब्रशकडे पाहिलं. मग त्याने विचारलं. दोन महिन्यांत त्याने हे स्वतःहून विचारताना मी पहिल्यांदाच ऐकलं. "आई उभी हाय का तिथं? मूर्तीपाशी?"

"मूर्तीपाशी नाय रे," काका म्हणाले. ते हसत होते. त्यांनी डाव्या खांद्याला हलकेच हात लावला, तिथे आधीच कोणाचा तरी हात असावा तसा. "हितं ठेवलाय आज."

मला वाट्या आठवल्या आणि कळलं. प्रदीपलाही कळलं, कारण त्याने फळीशेजारचा खांब धरला.

"कधीपासून बाबा?"

"सकाळधरनं. तू घाबरू नको. जा, हात धुऊन ये."

मग ते शेजारच्या रिकाम्या जागेकडे वळून म्हणाले, "बस गो जरा. किती उभी राहशील." आणि जागा करून द्यायला ते सरकत सरकत फळीच्या पार टोकाला गेले.

मी धावले. डबा टोकापासून चांगला हातभर आत होता. काका अधांतरी टोकावर बसले होते, आणि फळीचं दुसरं टोक मोकळं होतं. फळी उलटायला हवी होती.

ती जराही हलली नाही.

मी तिथेच थांबले. प्रदीप हात धुऊन आला आणि मूर्तीसमोर मांडी घालून बसला. त्याने ब्रश उचलला. काका टोकावरून त्याला सांगत राहिले: श्वास सोड, आता वळव, उचल. पहिला डोळा झाला. दुसरा झाला. बापाच्या हाताचा नव्हता, पण डोळा होता. मला रडू आलं आणि मी डोळे पुसलेही नाहीत.

"बाबा, समोर या," प्रदीप म्हणाला. "वाळेपर्यंत उभं राहावं लागतं."

"येतो ना," काका म्हणाले.

ते उठले. त्यांच्या बाजूचं फळीचं टोक करकरत थोडं वर आलं.

मग, तेवढंच हळू, दुसरंही.